सिंधूची काळी पाच

९ सप्टेंबर १९८६, मंगळवार

गाण्याच्या मंडळातल्या मधुकररावांचं यंत्र आलं एकदाचं! त्यांच्या भावाने मस्कतहून आणलं. सिंथेसायझर हा शब्द जिभेवर बसत नाही म्हणून ते त्याला कीबोर्ड म्हणतात. ब्लँकेटमध्ये गुंडाळून, रिक्षात मांडीवर धरून धंतोलीपर्यंत आणलं. माझ्या जेवणाच्या टेबलावर ठेवलं तर मिठाच्या बरणीलाही जागा उरली नाही.

शंभर आवाज आहेत त्यात. व्हायोलिन, बासरी, सतार, चर्चमधला ऑर्गन. ऑर्गनचं बटण दाबून एक पट्टी धरली आणि — शाळेचं चॅपल. सिस्टर वेरोनिकाची लांब बोटं, मेणबत्त्यांचा वास, पेडलपर्यंत न पोचणारे माझे पाय. पट्टीवरून बोट उचलवेना. मधुकरराव म्हणाले, "बाई, पुढचं ऐका. यात हेलिकॉप्टर पण आहे."

नवीन सोयी पुष्कळ, पण त्या अठ्ठेचाळीस पानांच्या इंग्रजी पुस्तकात. "तुम्ही कॉन्व्हेंटच्या. तुम्हीच वाचा आणि मला मराठीत लिहून द्या. कोराडीच्या शारदोत्सवात वाजवायचंच आहे." म्हणून पंधरा दिवस यंत्र माझ्याकडे.

सिंधूला दाखवायचं होतं. तिची वाट पाहत पोहे भिजवून ठेवले. आली नाही. सुनेच्या माहेरची माणसं आलीत, असा निरोप. मंगळवार-शुक्रवार, तिचे गाण्याचे दिवस, सोडले तर या घरात कोणी बोलत नाही. आज मंगळवार असून हेलिकॉप्टर बोललं.

१० सप्टेंबर

पुस्तकाची बारा पानं वाचून झाली. ताल आपोआप वाजतो — दादरा, केरवा अशी नावं नाहीत, वॉल्ट्झ आणि रुंबा आहेत. मी पुढे कंसात दादरा लिहिलं. मग रुपरावांचा विचार आला. वीस वर्षं आमच्या मंडळात तबला वाजवतात. त्यांच्या हातांना कंसात कुठे बसवू?

११ सप्टेंबर

पान एकोणीस. एक बटण आहे — ते दाबलं की सगळ्या वाद्याची पट्टी वर किंवा खाली सरकते. वाजवणाऱ्याने नेहमीच्या जागीच वाजवायचं. सूर मात्र गायकाला हव्या त्या पट्टीत निघतो. छोट्या काचेत तांबडा आकडा उमटतो, किती सरकलं त्याचा.

पुस्तक मिटून ठेवलं. चहा केला. तो निवला.

सिस्टर वेरोनिका एकच प्रार्थना बाराही पट्ट्यांत वाजवायला लावायची. चुकलं की पुन्हा पहिल्यापासून. मी रडत रडत शिकले. पण मंडळात कोणीही यावं, "बाई, आज काळी दोन," म्हणावं, आणि मी पेटीवर तिथून सुरू करावं. माझ्याकडे एवढंच एक होतं. आता बटण.

पण खरी धास्ती त्या आकड्याची आहे. इथे लिहून टाकते. इथे कोण वाचणार?

सिंधूची पट्टी काळी पाच. सप्तकातली सगळ्यात वरची काळी. तरुणपणापासून तिला तिचा अभिमान. मंडळातल्या बाकीच्या बायका काळी चारच्या वर गात नाहीत. अकरा वर्षांपूर्वी, डिसेंबरात, एका लग्नघरी गाताना तिचा वरचा सूर फाटला. सर्दी होती. घरी आली आणि माझ्या खांद्यावर डोकं ठेवून रडली — "माझं संपलं अरू." पुढच्या वेळी तिने डोळे मिटून "सूर दे" म्हटलं, तेव्हा मी काळी पाचच्या खालची पांढरी दाबली. तिला कळलं नाही. नुसता सूर ऐकून ती कोणती पट्टी हे ओळखणं फार थोड्यांना जमतं. मला जमतं, तिला नाही. ती छान गायली. घरी जाताना हसत होती.

मग तिचे यजमान गेले. त्या वर्षी आणखी अर्धा सूर खाली आणला. मग चार वर्षांपूर्वी आवाज बसल्यासारखा वाटतो म्हणाली, तेव्हा आणखी अर्धा. आता ती तीन पट्ट्या खाली, पांढरी पाचमध्ये गाते आणि जगाला सांगते, काळी पाच.

माझ्याशिवाय हे फक्त रुपरावांना ठाऊक. तबला सुरात लावावा लागतो ना. त्यांनी कधी तोंडातून शब्द काढला नाही.

आता यंत्राला सांगितलं काळी पाच, तर ते काळी पाचच देणार. त्याला सिंधूची दया कुठून येणार?

१२ सप्टेंबर, शुक्रवार

सिंधू आली. यंत्र पाहून पोरीसारखी झाली. "अगं अरू, तुझ्या टेबलावर आख्खी वरात बसवली की त्याने!" कुत्र्याच्या भुंकण्याचं बटण सापडलं, तर त्यावर आरतीची चाल वाजवली. इतकं हसलो की शेजारच्यांनी खिडकी उघडली.

मग म्हणाली, "मग तुझ्या पेटीचं काय?"

मी म्हटलं, "कपाटावर जाईल."

"आणि तू?"

मी खोबरं किसत राहिले. साठ वर्षांची झाली तरी ही बाई असे प्रश्न वाटेत टाकून देते आणि पुढे निघून जाते.

जाताना दारात म्हणाली, "एक मात्र बरं. यंत्राने वाजवलं की लोकांना खात्री पटेल, मी अजून काळी पाचमध्ये गाते. मंडळातली ती कौशल्या मागे म्हणत होती, वय झालं सिंधूचं."

१५ सप्टेंबर

झोप नाही. तिला कळलं तर ती येणार नाही. मी तिला ओळखते. एकदा तिच्या जावेने भाजीतल्या मिठावरून खोटं सांगितलं, तर सहा वर्षं बोलली नव्हती. आणि हे काय मीठ आहे?

१८ सप्टेंबर

पान एकतीस. मेमरी! आठ बटणं. प्रत्येक बटणात आवाज, ताल आणि पट्टी एकदा भरून ठेवायची. नंतर नुसतं बटण दाबायचं. तेव्हा काचेत पट्टीचा आकडा दिसत नाही, फक्त बटणाचा क्रमांक दिसतो. हे वाक्य दोनदा वाचलं. मग इंग्रजीतून मोठ्याने वाचलं. सिस्टर असती तर म्हणाली असती, उच्चार सुधार.

खाली बारीक अक्षरात: यंत्र चालू असताना मध्येच वीज गेली तर मेमरी पुसली जाते (बटणाने बंद करून नेलं तर नाही), म्हणून सहा सेल घालून ठेवावेत.

२१ सप्टेंबर, रविवार

मधुकररावांना कामाची पंधरा पानं मराठीत लिहून दिली. खूश! तिथेच बसून एकेका गायकाची पट्टी भरली. आठ बटणं, सहा गायक. कागदावर यादी केली. सिंधूचा क्रमांक तीन. "सिंधूताई — काळी पाच," मोठ्याने म्हणत भरलं. मी मान हलवली.

सेलचं सांगितलं. ते म्हणाले, "बाई, कोराडीला लाईट जाईल? आख्ख्या विदर्भाला लाईट तिथूनच जाते. सेलने उगाच वजन वाढतं, आणि ते गळतात."

यंत्र अजून तीन दिवस माझ्याकडे ठेवून गेले.

२२ सप्टेंबर

बटण तीन. काळी पाचच्या जागी पांढरी पाच. दोन मिनिटांचं काम. शाळेत कधी कोणाच्या वहीत डोकावले नाही मी.

२८ सप्टेंबर, रविवार

मधुकररावांकडे तालीम. बटण तीन दाबलं, सिंधू गायली. सुरेख जमलं. मधुकररावांना काही कळलं नाही. त्यांना वाजवायला एकच पट्टी येते, बाकी सगळं बटणावर. रुपरावांना तेवढं कळलं. तबला पुढ्यात घेऊन त्यांनी माझ्याकडे पाहिलं. बाहेर चपला घालताना हळूच म्हणाले, "मशिनलेही शिकवलं का जी तुमी?"

मी दुसरी चप्पल शोधत राहिले.

"बरं झालं. मले वाटलं आता आपली दोघाईची सुट्टी."

तेवढ्यात मधुकरराव बाहेर आले. "रुपराव, तुम्ही फक्त सिंधूताईंच्या गाण्याला बसा. बाकीच्यांना यंत्राचा ताल आहे."

रुपराव म्हणाले, "बसतो न साहेब. यंत्राले पान खायची सुट्टी तं पाहिजे." मधुकरराव हसले. रुपराव नाही हसले.

आणि मला? मला म्हणाले, "बाई, तुम्ही आता आरामात समोर बसून ऐका. बावीस वर्षं वाजवलंत."

३० सप्टेंबर, मंगळवार

सिंधू आली, पण गाणं नाही. यंत्राबरोबर तालीम झाली आहे, आता पेटीची काय गरज. गप्पा मारल्या. तास कसाबसा भरला. पेटीशिवाय आमच्यात काय आहे, हे दोघींनाही पाहायचं नव्हतं.

३ ऑक्टोबर, शुक्रवार

आली नाही. निरोपही नाही.

५ ऑक्टोबर

पेटी कपाटावर ठेवायला स्टुलावर चढले. जमेना. पुन्हा खाली ठेवली. जुन्या चादरीने झाकली. आता ती पाहुण्यासारखी बसली आहे कोपऱ्यात, उठतही नाही, बोलतही नाही.

७ ऑक्टोबर, मंगळवार

सिंधू दहा मिनिटं येऊन गेली. साडी दाखवायला, मोरपंखी. "यंत्राच्या तांबड्या लायटीत शोभेल का गं?" मी म्हटलं, शोभेल. खरंच शोभेल.

११ ऑक्टोबर, शनिवार

लिहिलंच पाहिजे.

सीताबर्डीहून चारच्या बसने निघालो. कोराडीला वीजकेंद्राच्या कॉलनीत शारदेपुढे मांडव, खुर्च्यांवर राखेचा पातळ थर. कॉलनीतल्या बायका पदराने पुसून बसत होत्या, रोजचंच असल्यासारखं. मी दुसऱ्या रांगेत. बावीस वर्षांत पहिल्यांदा स्टेज समोरून पाहिलं. केवढं उंच असतं ते!

साडेसहाला सुरू झालं. पहिले दोघं गायले. लोकांना यंत्र फारच आवडलं. माझ्या मागचा एक माणूस प्रत्येक आवाज आपणच शोधल्यासारखा बायकोला सांगत होता — "ही बासरी. आता व्हायोलिन."

सिंधू स्टेजवर आली. मोरपंखी साडी. आणि लाईट गेली.

विजेच्या कारखान्याच्या दारात! सगळा मांडव हसला. कोणीतरी ओरडलं, "साहेब, घरचीच लाईट कापली का?" बारा मिनिटांनी आली. मधुकररावांनी बटण तीन दाबलं. काहीच नाही. पुसलं गेलं होतं सगळं. सेल नव्हते.

मी उठले. रांगेतून गुडघे ओलांडत पायऱ्यांपर्यंत गेले. म्हटलं, "मधुकरराव, थांबा, मला भरू द्या." त्यांनी खिशातून यादी काढून दाखवली. "बाई, बसा तुम्ही, कागद आहे माझ्याकडे. सिंधूताई, काळी पाच." आणि भरलं.

मी तिथेच पायरीशी उभी राहिले. बोलायचं म्हटलं तर चारशे माणसं, आणि ती वर उभी, डोळे मिटून.

सूर आला. रुपरावांचा हात तबल्याच्या शाईवर जाऊन थांबला. तबला खालच्या सुरात लावलेला. त्यांनी तो पुढ्यातून बाजूला केला आणि नुसत्या डग्ग्यावर ठेका धरला. सिंधूने एकदा डोळे उघडले. मला वाटलं, कळलं. पुन्हा मिटले.

तिच्या गुरूंनी बांधलेलं जुनं पहाटेचं गाणं. मुखडा गेला. मी पायरीच्या कठड्याला धरून होते. अंतऱ्याचा वरचा सूर येतो तिथे मी मान खाली घातली. मला तो फाटताना पाहायचा नव्हता.

लागला. स्वच्छ लागला. नुसता लागला नाही, तिने तो धरून ठेवला. इतका वेळ, की मधुकरराव पुढे निघून गेले आणि परत आले. असा आवाज मी तिचा शेवटचा कधी ऐकला? दहा वर्षं? मागचा माणूस बायकोला काही सांगत नव्हता.

वन्स मोअर घेतला लोकांनी.

परतीच्या बसमध्ये ती माझ्या शेजारी बसली. दमलेली, गरम झालेली, माझा हात धरून. "अरू, आज काय झालं गं मला?" मी म्हटलं, "चांगला दिवस होता तुझा."

१२ ऑक्टोबर, दसरा

एखादा दिवस असतो असा. आजारी माणूसही एखाद्या दिवशी उठून बसतो. तसंच असेल.

१३ ऑक्टोबर, सोमवार

रुपराव आले होते. काल दसऱ्याला दीक्षाभूमीवर होते दिवसभर, घरच्या सगळ्यांना घेऊन. तिथून आणलेली संत्र्याची बर्फी दिली. बाहेरच्या खोलीत बसले, चादरीखालच्या पेटीकडे पाहत.

म्हणाले, "बाई, सिंधूबाईचा गळा गेला नोहता जी."

मी म्हटलं, "परवा चांगला लागला."

"परवा नाही. कवाच गेला नोहता. मी तं ऐकून राहिलो न एवढ्या वर्षांपासून. खाली त्याइले खोल पाण्यात चालल्यावानी होये."

"मग तुम्ही बोलला का नाही रुपराव?"

ते ओशाळून म्हणाले, "मले वाटे, तुमालेच उंच सूर सोसत नसन. कानाचं काही असन. बाईमाणसाले कसं विचारू? म्हणून मीनं तबला उतरवला."

त्यांना वाटत होतं, ते मला सांभाळून घेत आहेत.

१४ ऑक्टोबर, मंगळवार

सिंधू आली. बरोबर चारला, जुन्यासारखी. पेटीवरची चादर तिनेच काढली.

खूप बोलली. "तुला सांगू अरू, मला वाटलं होतं गाणं सोडावं. वरचे सूर नाहीत गं, खालचे. खर्जात उतरले की आवाज पुसल्यासारखा व्हायचा. शब्द नुसते हवेत. पोटातून काही निघायचंच नाही. रेडिओवरचं गाणं मी त्यामुळेच सोडलं, तुला कधी बोलले नाही. माइकवर ते लपत नाही ना. पाच वर्षं झाली. मी म्हटलं, वय. आणि परवा सगळं जागेवर! खालचंही, वरचंही. यंत्राने काय जादू केली गं?"

चार वर्षांपूर्वी ती म्हणाली होती, आवाज बसतो. मी ऐकलं आणि आणखी खाली आणला.

गाऊ या म्हणाली. डोळे मिटले. "सूर दे."

मी काळी पाच दिली. माझं बोट कोणाकडे पाहून दाबत होतं कोण जाणे. ती गात राहिली आणि मी साथ करत राहिले. एकही सूर तिला जड गेला नाही. मग कोणासाठी केलं मी हे? ती रडली ती एक रात्र. दुसऱ्या दिवशी सर्दी उतरली असेल तिची. मी पुन्हा वर करून पाहिलंच नाही. एकदाही नाही. ती माझ्या खांद्यावर रडली होती. तेवढं मी जपून ठेवलं.

१५ ऑक्टोबर

सांगितलं नाही तर कोणालाच कळणार नाही. रुपराव बोलणार नाहीत. ती येत राहील मंगळवारी, शुक्रवारी.

१६ ऑक्टोबर

मधुकररावांचा निरोप. दिवाळीला तीन कार्यक्रम, सिंधूताईंना खास मागणी. आणि मी उरलेली तेहेतीस पानं मराठीत कधी देते, म्हणून विचारलं आहे.

आज पाच पानं केली. काम बरं वाटतं.

१७ ऑक्टोबर, शुक्रवार

सांगितलं. लग्नघरापासून बटण तीनपर्यंत, काही गाळलं नाही.

सिंधूने चहा संपवला. कप विसळून पालथा घातला. मग म्हणाली, "अकरा वर्षं मी देवाला विचारत होते, माझं काय चुकलं. तू शेजारीच बसली होतीस."

जाताना तिने तिची गाण्याची वही मागितली. ती माझ्याच कपाटात असायची.

दिली.